सात वाट्यांचा इटालियन फळांचा केक

बेकरीतून ताज्या फळांचा केक आणताना अनेक घरांत एक शंका असतेच. फळांवरचा चकचकीत थर जिलेटिनचा तर नाही? असेल, तर ते कोणत्या जनावराचे? दुकानदारालाही याचे उत्तर नेहमी देता येत नाही. अन्न हलाल असावे आणि तय्यिब, म्हणजे चांगले व शुद्धही असावे, असे वाटत असेल तर केक घरीच केलेला बरा.

इटलीतल्या घरांत असा साधा केक सकाळच्या नाश्त्याला खातात, शाळेतून आलेल्या मुलांनाही देतात. त्यावर ना क्रीम, ना आयसिंग. माप दह्याच्या १२५ ग्रॅमच्या छोट्या डबीचे : एक डबी दही, एक तेल, दोन साखर, तीन मैदा. म्हणून हा ‘सात डब्यांचा केक’. आपल्याकडे हेच माप लहान वाटीने घेता येते.

या केकचा आपल्याशी जुना धागाही आहे. ८२७ साली सिसिलीत उतरलेल्या मुसलमानांच्या राजवटीत त्या बेटावर लिंबू, नारिंगे आणि ऊस रुजले. साखरेला इटालियनमध्ये ‘झुक्केरो’ म्हणतात. तो शब्द अरबी ‘सुक्कर’वरून आला, आणि ‘सुक्कर’चे मूळ आपल्या ‘शर्करे’त आहे.

साहित्य : दही १ वाटी, बिनवासाचे तेल १ वाटी, साखर २ वाट्या, मैदा ३ वाट्या, अंडी ३, बेकिंग पावडर २ चमचे, चिमूटभर मीठ, एका लिंबाची किसलेली साल, सफरचंदे २.

कृती : बिस्मिल्लाह म्हणून अंडी व साखर फिकट होईपर्यंत फेटावीत. त्यात दही, तेल व लिंबाची साल घालावी. मैदा, मीठ व बेकिंग पावडर चाळून हलक्या हाताने मिसळावी. तूप लावून मैदा भुरभुरलेल्या भांड्यात मिश्रण ओतावे आणि वर सफरचंदाच्या पातळ फोडी मांडाव्यात. १८० अंशांवर ४५ ते ५० मिनिटे भाजावे. सुरी कोरडी निघाली की केक झाला. ओव्हन नसेल तर जाड कढईत स्टँड ठेवून, झाकण लावून मंद आचेवर भाजावा. वेळ थोडा जास्त लागतो.

हे लक्षात ठेवा : लिंबाची फक्त पिवळी साल किसावी, पांढरा भाग कडू लागतो. सफरचंदाऐवजी नाशपाती, आलुबुखार किंवा अंजीरही चालते. रसाळ फळ पुसून, मैद्यात घोळवून घ्यावे, म्हणजे ते तळाशी बसत नाही. इटालियन पाककृतींत बेदाणे अनेकदा रममध्ये भिजवतात. आपण ते संत्र्याच्या रसात भिजवावेत. व्हॅनिला इसेन्समध्ये अल्कोहोल असू शकते. लिंबाच्या सालीचा सुगंध पुरेसा असल्याने त्याची गरजच पडत नाही.

केक पूर्ण थंड झाल्यावरच कापावा. ओल्या फळामुळे तो फार टिकत नाही, म्हणून उरलेला फ्रीजमध्ये ठेवून दोन दिवसांत संपवावा. इफ्तारला शेजारी थाळी पाठवाल, तेव्हा त्यात काय काय घातले आहे ते तुम्हाला खात्रीने सांगता येईल.