सेवाग्रामचं लग्न आणि बर्लिनची कथाकार

ऑगस्ट 1945 मध्ये वर्ध्याजवळच्या सेवाग्राम आश्रमात एक लग्न लागलं. वर आयी तेंडुलकर, बेळगावकडचे पत्रकार. वधू इंदुमती गुणाजी, गांधीवादी कार्यकर्त्या. देशसेवेसाठी काही वर्षं एकमेकांपासून दूर राहा, ही गांधीजींची अट दोघांनी पाळली होती. त्यातला बराच काळ तुरुंगात गेला. या लग्नाला बर्लिनहूनही संमती होती. ती देणारी होती तेंडुलकरांची आधीची पत्नी थेआ फॉन हार्बू, जर्मन मूकपटांच्या बहराच्या काळातली आघाडीची पटकथाकार.

हार्बूंचा जन्म 1888 चा. आधी रंगभूमीवर नटी, मग कादंबरीकार. भारत न पाहताच त्यांनी 1918 मध्ये महाराजा, योगी आणि भव्य समाधीची एक कादंबरी लिहिली. तिच्यावर 1921 मध्ये चित्रपट निघाला, त्याची पटकथा त्यांनी फ्रिट्झ लांग या दिग्दर्शकासोबत मिळून लिहिली. पुढच्याच वर्षी दोघांचं लग्न झालं.

जुन्या गोष्टीचा सांगाडा ओळखून तो पडद्यावर उभा करणं, हे हार्बूंचं खरं बळ. 1921 च्याच ‘डेर म्यूडे टोड’मध्ये एक तरुणी मृत्यूकडे आपला प्रियकर परत मागते. आपल्याला सावित्री आठवते. पण इथे शब्दांत पकडता येईल असा यम नाही. मृत्यू तिला तीन मेणबत्त्या दाखवतो, तीन देशांत तीन संधी देतो, आणि तिन्ही ज्योती विझतात. बदल्यात दुसरा जीव आण, ही शेवटची सवलत. जळत्या घरातलं तान्हं बाळ हाती येतं, पण ती ते आईला परत देते आणि स्वतः मरण पत्करते. 1924 च्या ‘डी निबेलुंगेन’मध्ये त्यांनी जर्मन महाकाव्य दोन भागांत बांधलं: पहिल्यात ड्रॅगन आणि चमत्कार, दुसऱ्यात निव्वळ सूड. 1927 च्या ‘मेट्रोपोलिस’मध्ये यंत्रयुग आहे, तरी नायिकेचं रूप घेऊन लोकांना फसवणारी मायावी स्त्री परीकथेतलीच.

1933 मध्ये लांगशी घटस्फोट झाला. लांगने देश सोडला; हार्बू राहिल्या, नाझी पक्षाच्या सदस्य झाल्या आणि त्या राजवटीतही चित्रपट लिहीत राहिल्या. याच काळात वयाने बऱ्याच लहान असलेल्या तेंडुलकरांशी त्यांचा संसार होता आणि भारतीय विद्यार्थ्यांना त्या मदत करत होत्या. हिटलरच्या जर्मनीत धोका वाढला तेव्हा मायदेशी जा, हा सल्ला तेंडुलकरांना त्यांनीच दिला. सेवाग्रामला लग्न लागलं त्याच वर्षी हार्बू ब्रिटिशांच्या कैदेत होत्या. सुटल्यावर त्यांनी बर्लिनमध्ये ढिगारे उपसण्याचं कामही केलं. 1 जुलै 1954 रोजी त्यांचं निधन झालं.

भारतीयांना केलेली मदत खरी आणि पक्षसदस्यत्वही खरं. एकाने दुसरं पुसलं जात नाही. हार्बूंच्या कथांत त्याग करणारी स्त्री शेवटी उजळून निघते. स्वतःच्या आयुष्यात त्यांनी नवऱ्याला मोकळं केलं, त्या राजवटीपासून मात्र स्वतःला मोकळं केलं नाही. जर्मन चित्रपटाच्या इतिहासात त्यांचं नाव लांगच्या मागे येतं. आपल्याकडे ते सेवाग्रामच्या त्या लग्नामागे येतं. मोजमाप करायचं तर दोन्ही ठिकाणचा हिशेब एकत्र मांडायला हवा.