जहाजे का बुडतात? सात गैरसमज आणि वस्तुस्थिती

पुण्याला समुद्रकिनारा नाही, पण या शहराचा समुद्राशी संबंध जुना आहे. शिवाजीनगरच्या ज्या चौकाला आपण आजही सिमला ऑफिस म्हणतो, तिथे १९२८ साली भारतीय हवामान खात्याचे मुख्यालय सिमल्याहून आले. खडकवासल्याच्या केंद्रीय जल आणि विद्युत संशोधन केंद्रात बंदरांच्या प्रतिकृती उभारून लाटांचा आणि गाळाचा अभ्यास होतो. लोणावळ्याच्या आयएनएस शिवाजीवर नौदलाचे इंजिनिअर तयार होतात, तर तळेगावजवळच्या इंदुरीत व्यापारी जहाजांवर जाणारी मुले शिकतात.

तरीही जहाजबुडीचा विषय निघाला की आपले बोलणे 'टायटॅनिक'पासून सुरू होते आणि नशिबापाशी संपते. आपल्याच किनाऱ्यावर घडलेल्या दुर्घटना मागे पडतात आणि त्यांची कारणे तर बहुतेकांना ठाऊकही नसतात. ही कारणे माहीत असणे गरजेचे आहे, कारण जवळजवळ प्रत्येक जहाजबुडीमागे माणसांनी घेतलेले, किंवा वेळेवर न घेतलेले, काही निर्णय सापडतात. दैवापुढे आपला इलाज चालत नाही, पण निर्णय सुधारता येतात.

गैरसमज १ : जहाजे मुख्यतः युद्धात बुडतात.

वस्तुस्थिती : स्वतंत्र भारताने लढाईत गमावलेली युद्धनौका एकच, आयएनएस खुकरी. ९ डिसेंबर १९७१च्या रात्री दीवजवळच्या समुद्रात पाकिस्तानच्या 'हंगोर' या पाणबुडीने तिच्यावर टॉर्पेडो सोडला. १८ अधिकारी आणि १७६ नौसैनिकांना वीरमरण आले.

शांततेच्या काळाचा हिशेब मात्र मोठा आहे. ऑगस्ट १९९० मध्ये आयएनएस अंदमान बंगालच्या उपसागरात बुडाली. एप्रिल २००६ मध्ये गोव्याजवळ आयएनएस प्रहारची एका व्यापारी जहाजाशी टक्कर झाली आणि ती तळाला गेली. जानेवारी २०११ मध्ये मुंबईजवळ आयएनएस विंध्यगिरीला व्यापारी जहाजाची धडक बसली, आग लागली आणि ती धक्क्याला आणल्यावर बुडाली. १४ ऑगस्ट २०१३ रोजी आयएनएस सिंधुरक्षक ही पाणबुडी मुंबईच्या गोदीत स्फोट होऊन बुडाली आणि १८ नौसैनिक गेले. यांपैकी एकाही घटनेत समोर शत्रू नव्हता.

जगाचे चित्रही पाहण्यासारखे आहे. टायटॅनिकवर सुमारे दीड हजार माणसे गेली. २० डिसेंबर १९८७ रोजी फिलिपिन्समध्ये 'दोन्या पाझ' ही प्रवासी बोट एका तेलवाहू जहाजावर आदळली, तेव्हा ४,३०० हून अधिक लोक दगावले. त्यांतल्या हजारोंची नावे प्रवाशांच्या यादीत नव्हतीच. सणासाठी घरी निघालेल्या सामान्य माणसांची ती बोट होती, आणि शांततेच्या काळातली ही जगातली सर्वांत मोठी जहाजबुडी मानली जाते. तिचे नाव मात्र आपल्यापैकी फार थोड्यांनी ऐकलेले असते.

गैरसमज २ : 'रामदास' बोट चक्रीवादळात सापडली.

वस्तुस्थिती : १७ जुलै १९४७. आषाढ अमावास्या तोंडावर होती. सकाळी आठच्या सुमारास 'रामदास' मुंबईच्या भाऊच्या धक्क्यावरून रेवसकडे निघाली. बोटीवर सातशेच्या आसपास माणसे होती, त्यांत गटारीसाठी गावी निघालेले पुष्कळ चाकरमानी. तासाभराच्या आतच काशाच्या खडकाजवळ बोट उलटली. सहाशेहून अधिक माणसे गेली.

अरबी समुद्रातली चक्रीवादळे प्रामुख्याने मे-जूनमध्ये आणि नंतर ऑक्टोबर ते डिसेंबरच्या काळात होतात. जुलैत ती विरळा. ११ नोव्हेंबर १९२७ रोजी 'जयंती' आणि 'तुकाराम' या कोकणच्या दोन बोटी एकाच दिवशी गेल्या, ते वादळाचे दिवस होते. 'रामदास'चे तसे नव्हते. भर पावसाळ्यातला वारा, उसळलेला समुद्र आणि अमावास्येचे उधाण त्या मार्गाला नवे नव्हते.

बोट उलटली कशी, हे समजून घ्यायला हवे. लाटांचे पाणी एका बाजूने डेकवर आले, घाबरलेले प्रवासी दुसऱ्या बाजूला धावले. घाटातल्या वळणावर एसटीत उभे असलेले प्रवासी एकदम एकीकडे कलतात, तसेच ते होते. फरक एवढाच की रस्ता बसला आधार देतो, पाणी बोटीला देत नाही. शेकडो माणसांचे वजन एका कुशीला गेले की बोट तिकडे कलते, कललेल्या बाजूने आणखी पाणी आत येते आणि ते पाणीही त्याच बाजूला साचते. अशा वेळी पुढची मोठी लाट पुरेशी असते.

दुसरे कारण मदतीच्या उशिराचे. बोटीवर बिनतारी संदेशयंत्रणा नव्हती. मुंबईपासून काही मैलांवर शेकडो माणसे पाण्यात होती आणि मुंबईला ते दुपारपर्यंत कळले नाही. ज्यांना वाचवता आले त्यांतल्या कित्येकांना रेवसच्या कोळी बांधवांनी वाचवले. मासे विकायला मुंबईकडे निघालेल्या या लोकांनी पकडलेली मासळी समुद्रात टाकून माणसे होडीत घेतली. 'रामदास'ची कथा सांगताना उसळलेल्या समुद्राइतकाच त्या होड्यांचाही उल्लेख झाला पाहिजे.

गैरसमज ३ : युद्धाच्या काळात जहाज गेले म्हणजे ते शत्रूचेच काम.

वस्तुस्थिती : १४ एप्रिल १९४४ रोजी मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत 'फोर्ट स्टिकिन' या जहाजाचे दोन प्रचंड स्फोट झाले. हा जपानी हल्ला होता, अशी अफवा लगेच पसरली. चौकशीत निघाले ते वेगळेच. जहाजात सुमारे १,४०० टन स्फोटके होती आणि त्यांच्याच सोबतीने कापसाच्या हजारो गाठी भरल्या होत्या. दुपारी गाठींना आग लागली. जहाज बंदराबाहेर ओढून न्यायचे की तिथेच बुडवायचे, याचा निर्णय करण्याचा अधिकार कोणी वापरला नाही आणि चारच्या सुमारास स्फोट झाला. शेकडो माणसे आणि आग विझवताना अग्निशमन दलाचे जवान मरण पावले. आजूबाजूची अनेक जहाजेही नष्ट झाली. दरवर्षी १४ एप्रिलला आपण अग्निशमन सेवा दिन पाळतो, तो त्या जवानांच्या स्मरणार्थ.

उलट उदाहरणही आपल्याच किनाऱ्याचे आहे. पहिल्या महायुद्धात 'वोल्फ' या जर्मन जहाजाने फेब्रुवारी १९१७ मध्ये मुंबईबाहेर गुपचूप पाणसुरुंग पेरले आणि ते निघून गेले. २३ जून १९१७ रोजी 'मंगोलिया' हे प्रवासी जहाज त्यांतल्या एका सुरुंगावर आदळून बुडाले. शत्रू चार महिन्यांपूर्वीच गेला होता, त्याने मागे ठेवलेले हत्यार पाण्यात वाट पाहत होते. म्हणून युद्ध संपल्यावरही सागरी मार्ग साफ करण्याचे काम वर्षानुवर्षे चालते.

गैरसमज ४ : जहाजाला भोक पडले की ते बुडणारच.

वस्तुस्थिती : मोठे जहाज आतून अनेक बंद कप्प्यांत विभागलेले असते. एका कप्प्यात पाणी शिरले तरी बाकीचे कप्पे त्याला तरंगत ठेवतात. कप्प्यांमधले दरवाजे वेळेवर बंद होतात का, आग पसरण्याआधी आटोक्यात येते का आणि आत साचलेल्या पाण्याने जहाज किती कलते, यावर पुढचे सारे अवलंबून असते.

याच कामाचे शिक्षण लोणावळ्याला दिले जाते. आयएनएस शिवाजीवर जहाजाच्या आतल्या भागासारखी रचना केलेली आहे. ती हलते, कलते आणि तिच्या भिंतींतून जोराने पाणी आत येते. छातीपर्यंतच्या पाण्यात उभे राहून प्रशिक्षणार्थी लाकडी पाचरा आणि टेकू लावून भोके बुजवतात. पुण्याहून तासा-दीड तासाच्या अंतरावर हे चालते आणि त्याचा उपयोग हजारो मैलांवरच्या समुद्रात होतो.

मात्र या उपायांनाही मर्यादा आहेत. पाणबुडीचा टॉर्पेडो जहाजाच्या खाली फुटला तर कप्प्यांना काही करायला वेळच उरत नाही. 'खुकरी' काही मिनिटांतच गेली.

गैरसमज ५ : कप्तानाने जहाजाबरोबर बुडायचे, असा नियम आहे.

वस्तुस्थिती : कप्तानाने जीव द्यावा असे कोणत्याही कायद्यात लिहिलेले नाही. त्याच्यावर जबाबदारी असते ती माणसे बाहेर काढण्याची. जानेवारी २०१२ मध्ये इटलीजवळ 'कोस्टा कॉनकॉर्डिया' कलंडली आणि ३२ जण गेले. प्रवासी आत असताना कप्तान जहाज सोडून गेला होता. त्याला पुढे १६ वर्षांची शिक्षा झाली, ती बेपर्वाईने घडवलेल्या दुर्घटनेबद्दल आणि माणसांना सोडून जाण्याबद्दल.

'खुकरी'चे कप्तान महेंद्रनाथ मुल्ला यांचे मोठेपण या पार्श्वभूमीवर नीट कळते. त्यांनी जहाज सोडण्याचा हुकूम दिला, सैनिकांना बाहेर पडायला मदत केली आणि आपले लाइफ जॅकेटही एका खलाशाला दिले, असे वाचलेल्यांनी सांगितले. ते स्वतः जहाजावरच राहिले. त्यांना मरणोत्तर महावीर चक्र मिळाले. कोणत्याही नियमाने भाग पाडलेले नसताना त्यांनी हे केले. त्याला रिवाज म्हणून मोकळे होणे म्हणजे त्यांनी केलेल्या निवडीला कमी लेखणे होय.

गैरसमज ६ : आता रडार आहे, उपग्रह आहेत, त्यामुळे धोका उरलेला नाही.

वस्तुस्थिती : समुद्रावरच्या इशाऱ्यांचा आपल्याकडचा इतिहास जहाजांपासूनच सुरू होतो. १८६४ साली कोलकात्याला भीषण चक्रीवादळ आले, बंदरातली जहाजे मोडली, हजारो माणसे मेली. त्यानंतर बंदरांना वादळाची सूचना देण्याची व्यवस्था सुरू झाली आणि १८७५ मध्ये हवामान खाते स्थापन झाले. कोकणात 'तीन नंबरचा बावटा' लागला म्हणजे काय, हे लहान मुलालाही कळते. ही शिस्त त्याच परंपरेतली.

आज इशारे पूर्वीपेक्षा खूप लवकर आणि अचूक मिळतात. मे २०२१ मध्ये तौक्ते वादळाची सूचना मिळताच हजारो मच्छीमार होड्या किनाऱ्याला परतल्या. तरीही १७ मे रोजी मुंबई हायजवळ 'पी-३०५' या तराफ्यावर २६१ माणसे होती. नांगर तुटले, तराफा तेलफलाटावर आदळला, त्याला भोक पडले आणि तो बुडाला. आयएनएस कोची आणि आयएनएस कोलकाता यांनी खवळलेल्या समुद्रातून मोठ्या संख्येने माणसे वाचवली, तरी सत्तरहून अधिक जण गेले. इशारा वेळेत मिळाला होता. इशाऱ्यानंतर माणसे तिथे का राहिली, हा खरा प्रश्न आहे.

रडारचेही तसेच. ७ ऑगस्ट २०१० रोजी मुंबई बंदराच्या तोंडाशी 'एमएससी चित्रा' आणि 'खलिजिया' यांची टक्कर झाली. दोन्ही जहाजांवर आधुनिक साधने होती. शेकडो कंटेनर पाण्यात पडले, तेल उरण-अलिबागपर्यंत पोहोचले आणि वाहतूक काही दिवस ठप्प झाली.

गैरसमज ७ : समुद्रात सापडेल ते सापडणाऱ्याचे.

वस्तुस्थिती : नोव्हेंबर १९४२ मध्ये मुंबईहून आफ्रिकेकडे निघालेल्या 'तिलावा' या जहाजावर साडेनऊशेहून अधिक माणसे होती, बहुतेक भारतीय. २३ नोव्हेंबरला जपानी पाणबुडीने ते बुडवले. २८० जण गेले. त्याच जहाजावर दक्षिण आफ्रिकेसाठी चाललेले चांदीचे २,३६४ बार होते. २०१७ मध्ये एका कंपनीने सुमारे अडीच किलोमीटर खोलवरून ते बाहेर काढले आणि मोबदल्याचा हक्क सांगितला. २०२४ मध्ये ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयाने दक्षिण आफ्रिकेच्या बाजूने निकाल दिला.

आपल्याकडेही किनाऱ्याला लागलेला माल सरकारी अधिकाऱ्याकडे नोंदवावा लागतो. मे २०२५ मध्ये केरळजवळ 'एमएससी एल्सा ३' बुडाले, तेव्हा वाहून आलेल्या कंटेनरांजवळ जाऊ नका, असे लोकांना बजावले गेले. काहींत कॅल्शियम कार्बाइड होते आणि ते पाण्याशी संपर्क येताच ज्वालाग्राही वायू सोडते.

मग आपण काय करायचे?

१८ डिसेंबर २०२४ रोजी गेटवेहून घारापुरीला निघालेल्या 'नीलकमल' लाँचवर नौदलाची स्पीडबोट आदळली. १५ जणांचा मृत्यू झाला. लाँचवरच्या बहुतेक प्रवाशांच्या अंगात लाइफ जॅकेट नव्हते. पोहता येते म्हणून जॅकेट नको, हा विचार चुकीचा आहे. कोमट समुद्रातही माणूस थकतो, लाटा तोंडावर येतात आणि जखमी किंवा बेशुद्ध माणसाला पोहता येत नाही.

पुण्याहून अलिबागला, घारापुरीला, मालवणला जाणारी कुटुंबे दर आठवड्याला अशा लाँचमध्ये बसतात. बसताच जॅकेट मागा आणि मुलांना आधी घाला. लाँचवर किती माणसांची परवानगी आहे तो आकडा लिहिलेला असतो, तो वाचा. जास्त भरलेली लाँच सोडून पुढची घ्या. बावटा लागला असेल तर सारंगाला आग्रह करू नका. लाटेने लाँच कलली तर जागेवरच बसा, दुसऱ्या कठड्याकडे धावू नका. 'रामदास' उलटली त्याला पाऊणशेहून अधिक वर्षे झाली, तरी तिने शिकवलेली ही शेवटची गोष्ट आजही लाँचवरच्या प्रत्येकाने पाळण्यासारखी आहे.