पगार झाला का?

सॅलरी आपली, पॅकेज आपलं, सीटीसीसुद्धा आपलाच. मग ‘पगार’ कुणाचा? लिस्बनमधल्या कॉफीच्या बिलापासून सुरू झालेली एका शब्दाची उलटी सफर...

लिस्बन. नोव्हेंबरमधली गार संध्याकाळ. दिवसभर कॉन्फरन्समध्ये उभं राहून पायांचे तुकडे पडलेले. मी आणि जकार्ताहून आलेली माझी कलीग एका छोट्याशा कॅफेत टेकलो होतो. कॉफी झाली, पाश्तेल द नाता झाला. (अंड्याच्या कस्टर्डचा तो फेमस टार्ट हो. कधी गेलात तर अजिबात सोडू नका!) शेजारच्या टेबलावर एक आजोबा पेपर वाचत बसले होते. त्यांनी पेपरची घडी केली, वेटरकडे पाहून हात वर केला आणि म्हणाले, ‘केरू पगार.’

माझा कप हातातून सुटायचाच बाकी होता. पगार? इथे? पुण्यापासून इतक्या लांब? हे आजोबा या वयात वेटरकडे पगार मागतायत की काय?

वेटर हसत बिल घेऊन आला, आजोबांनी नाणी मोजून ठेवली आणि ते निघून गेले. मग ट्यूब पेटली. ‘केरू पगार’ म्हणजे ‘मला पैसे द्यायचेत’. पोर्तुगीजमध्ये ‘पगार’ हे चक्क क्रियापद आहे. अर्थ एकच, पैसे देणे, चुकते करणे.

मी उत्साहाने कलीगला सांगायला गेले, तर ती म्हणाली, ‘पगार? आमच्याकडे पगार म्हणजे कुंपण!’ इंडोनेशियन भाषेत घराभोवतीच्या कुंपणाला पगार म्हणतात. तो शब्द मूळ तिकडचाच, आपल्या पगाराशी त्याचं काही नातं नाही. आवाज सारखा, इतकंच. पण हे कुंपण माझ्या डोक्यात राहिलं. का, ते शेवटी सांगते.

देणं की घेणं?

गंमत बघा. पोर्तुगीज माणूस ‘पगार’ म्हणतो तेव्हा पैसे त्याच्या खिशातून बाहेर जातात. आपण म्हणतो तेव्हा पैसे आपल्या खिशात येतात. एकच व्यवहार, फक्त टेबलाच्या दोन बाजू.

हा शब्द आपल्याकडे आला कसा, याचा अंदाज करायला फार डोकं चालवावं लागत नाही. 1510 मध्ये पोर्तुगीजांनी गोवा घेतला. 1534 मध्ये वसई आणि मुंबईची बेटं त्यांच्याकडे गेली. 1739 मध्ये चिमाजी अप्पांनी वसई जिंकेपर्यंत, म्हणजे तब्बल दोनशे वर्षं, ते आपल्या शेजारी नांदले. गोदीत, गलबतांवर, किल्ल्यांच्या बांधकामावर आणि फौजेत राबणारी माणसं इथलीच होती. महिना संपला की साहेबाच्या तोंडून निघणारा शब्द ‘पगार’, आणि रांगेत उभ्या असलेल्यांच्या कानावर पडणारा शब्दही तोच. देणाऱ्याचं क्रियापद घेणाऱ्याचं नाम झालं. आपण आज ‘पेमेंट आलं का?’ म्हणतो ना, तसंच.

पोर्तुगीज गेले, शब्द राहिले. आजही रेवदंड्याच्या समोर कोर्लईला गेलात, तर तिथल्या ख्रिस्ती वस्तीत पोर्तुगीज आणि मराठीच्या मिश्रणातून तयार झालेली बोली ऐकायला मिळते. तिचं नाव ‘नो लिंग’, म्हणजे ‘आपली भाषा’. आणि आपल्या घरात? बटाटा, पाव, काजू, कोबी, चावी, बादली, साबण, घमेलं, मेस्त्री, लिलाव... सगळी पोर्तुगीजांकडची आवक. मुलं सांभाळणारी ‘आया’सुद्धा तिकडचीच. आणि आपला हापूस? तोही मूळचा अफोन्सो!

पैसे म्हणजे शांती

आता थोडं अजून मागे जाऊ. पोर्तुगीज ‘पगार’चं मूळ लॅटिन ‘पाकारे’मध्ये आहे. त्याचा अर्थ शांत करणे. त्याच्याही मागे ‘पाक्स’, म्हणजे शांती. इंग्रजी ‘पीस’ याच घरातला. आणि इंग्रजी ‘पे’सुद्धा! तो फ्रेंचमार्गे गेला, आपला पगार समुद्रमार्गे आला, पण दोघं सख्खे भाऊ. ज्याचं देणं लागतो त्याचं समाधान करणं, त्याला शांत करणं, तेच पैसे देणं. असा हा अर्थाचा प्रवास.

हे वाचलं आणि मला आमचे आजोबा आठवले.

माझी आई लालबागच्या चाळीत वाढली. आजोबा गिरणीत होते. पगाराच्या दिवशी ते पाकीट आणून आधी देवापुढे ठेवायचे. मग शर्टाची बाही वर सारून हिशेबाला बसायचे. पहिला नंबर वाण्याचा, मग दूधवाला, मग कणकवलीला मनिऑर्डर. आई सांगते, वाण्याच्या वहीवर रेघ मारून घरी आले, की आजोबा जे झोपायचे, तसे महिनाभर झोपायचे नाहीत. लॅटिनचा ‘ल’ माहीत नसलेल्या माणसाला ‘पाकारे’ बरोबर कळलं होतं.

18 जानेवारी 1982 ला गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले. आजोबा त्यातलेच एक. त्यानंतर त्यांचा पगार कधीच झाला नाही. आजीने घरी डबे करून द्यायला सुरुवात केली. आजोबा खाटेवर बसून, भाजीत मीठ कमी पडलंय, अशा सूचना द्यायचे आणि आजी म्हणायची, ‘आले आमचे बिनपगारी फुल अधिकारी!’ चाळ हसायची. आजोबाही हसायचे. आई म्हणते, तेव्हा ते हसणं तिला अजिबात आवडायचं नाही.

आजही दर महिन्याच्या एक तारखेला आईचा फोन येतो. ‘पगार झाला का गं?’ मी म्हणते, ‘आई, सॅलरी क्रेडिट झाली.’ ती म्हणते, ‘तेच ते.’

तेच ते?

खरंच तेच का? मराठीत पगार ‘होतो’. पाऊस होतो, लग्न होतं, तसा पगार होतो. झाला तर झाला! सॅलरी मात्र क्रेडिट होते, पॅकेज नेगोशिएट होतं, सीटीसीवर चर्चा होते. आमच्या ऑफिसात कुणी चुकूनही ‘पगार’ म्हणत नाही. पगार असतो तो वॉचमनचा, ड्रायव्हरचा आणि घरी कामाला येणाऱ्या मावशींचा. शब्द जितका इंग्रजी, तितकी माणसाची किंमत जास्त, असा आपला साधा हिशेब.

बाकीच्या शब्दांच्या कुंडल्याही कमी भन्नाट नाहीत. घ्या, ही चौकट कापून फ्रिजवर लावा!

*वेतन* – अस्सल संस्कृत. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात पगारपत्रकच आहे. वर मंत्री, सेनापती यांना 48,000 पण आणि तळाच्या सेवकांना 60 पण. म्हणजे 800 पटींचा फरक. अप्रेझलच्या वेळी आठवा!

*तनखा* – फारसी. ‘तन’ म्हणजे शरीर आणि ‘ख्वाह’ म्हणजे इच्छा. हिंदीत तो पगार झाला, आपल्याकडे मात्र संस्थानिकांना मिळाला. 1971 मध्ये संस्थानिकांचे तनखे रद्द झाले आणि मराठीतला हा शब्दही जवळपास रिटायर झाला.

*सॅलरी* – लॅटिन ‘सालारियुम’वरून. त्याचं नातं ‘साल’शी, म्हणजे मिठाशी. पण रोमन सैनिकांना पगार म्हणून मीठ मिळायचं, या लाडक्या गोष्टीला त्या काळातला ठोस पुरावा नाही. सॉरी!

*नोकर* – सगळ्यात मोठा धक्का. मूळ मंगोल शब्द ‘नोकोर’, अर्थ सोबती, साथीदार. चंगीझ खानाचे जिवाला जीव देणारे सहकारी ते नोकोर. फारसीमार्गे येता येता सोबत्याचा नोकर झाला.

कॅलेंडरवरच्या फुल्या

आता कुंपणाची गोष्ट.

लिस्बनहून परत आले, बॅग उघडली आणि किचनमध्ये कॅलेंडरसमोर उभी राहिले. त्यावर लाल पेनने फुल्या होत्या. मावशींच्या खाड्यांच्या. आमच्याकडे बऱ्याच घरांत हीच पद्धत आहे. आजोबांच्या गिरणीतही गैरहजेरीला ‘खाडा’च म्हणायचे आणि खाड्याचे पैसे कापले जायचे. नात कार्ड स्वाइप करून ऑफिसात शिरते, वर्षाला 24 पगारी रजा घेते आणि घरी येऊन दुसऱ्या कुणाचे खाडे मोजते. वा!

आणि मग 2020 आठवलं. मार्चच्या शेवटी लॉकडाऊन लागलं, सोसायटीने गेट बंद केलं. मार्च-एप्रिलचा पगार मी मावशींना पूर्ण दिला आणि स्वतःवर जाम खूश झाले. मेमध्ये आमच्या कंपनीने सगळ्यांच्या सॅलरीत 25 टक्के कपात केली. मी टेन्शनमध्ये आले. ईएमआय होता. मे, जून, जुलै असे तीन महिने मी मावशींना अर्धेच पैसे पाठवले. माझे कापले 25 टक्के, मी कापले 50. मावशी फोनवर म्हणाल्या होत्या, ‘असू दे ताई, तुमची पण अडचण आहे.’ पुढे माझी सॅलरी पूर्ववत झाली. मावशींची तीन महिन्यांची अर्धी बाकी मात्र तशीच राहिली. तेव्हा त्यांचा पगार तीन हजार होता. म्हणजे साडेचार हजार रुपये. लिस्बनच्या विमानतळावर मी परफ्यूम घेतला, तो याहून महाग होता.

दुसऱ्या दिवशी मी पैसे पाकिटात घालून मावशींच्या हातात दिले. ‘हे काय?’ ‘लॉकडाऊनमधली बाकी.’ त्यांनी पाकीट उघडलं, मोजलं आणि परत ओट्यावर ठेवलं.

‘ताई, हा पगार नाही. पगार कामाचा असतो. त्या महिन्यांत मी काम कुठे केलं?’

मी म्हटलं, ‘मावशी, आजारी पडले, लग्नाला गेले, तरी माझा पगार होतोच की. काम न करता.’

‘तुमची गोष्ट वेगळी.’

तेच ते कुंपण! मावशींनी अगदी सहज, भांडी विसळता विसळता दाखवून दिलं. एका बाजूला मी, पगारी रजा घेऊन. दुसऱ्या बाजूला त्या, खाडे घेऊन.

मी काहीतरी समजुतीचं बोलायला लागले, तेवढ्यात त्यांनी नळ बंद केला, पदराला हात पुसले आणि म्हणाल्या, ‘द्यायचंच असेल तर एक करा. महिन्यातून दोन सुट्ट्या द्या, पैसे न कापता. गुडघ्याच्या डॉक्टरकडे जायला दिवस मोडतो. तो खाडा नका धरू. आणि हे पण राहू दे.’ असं म्हणून त्यांनी पाकीट उचललं आणि पिशवीत टाकलं.

तेव्हापासून लाल पेन ड्रॉवरमध्ये आहे. पहिल्या महिन्यात मावशींनी दोनऐवजी एकच सुट्टी घेतली. विचारलं तर म्हणाल्या, ‘सवय नाही ना.’ दुसऱ्या महिन्यात दोन घेतल्या. परवा तिसरी मागितली, नातीच्या शाळेत कार्यक्रम होता. मी घासाघीस करायला तोंड उघडलं आणि मिटलं.

आईला हे सगळं फोनवर सांगितलं. ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, ‘बाबा असते तर विचारलं असतं, तीनच महिने का मोजले? खाड्यांचं काय?’

फोन ठेवला आणि मागच्या वर्षांची कॅलेंडरं शोधायला माळ्यावर चढले. चार सापडली. मोजणं सुरू आहे.

तर मंडळी, एक तारीख जवळ आलीय. तुमचा पगार होईलच. तुमच्या घरचा झाला का?