मोटारीचे दिवे घरच्या घरी कसे जुळवावेत?



गळीत हंगाम सुरू झाला की आपल्या भागातील रस्त्यांवर रात्रीची वर्दळ वाढते. उसाने भरलेल्या ट्रॉल्या, धानाची पोती घेऊन निघालेली मालवाहू वाहने, लग्नघरची जीप, एखादी बंडी, आणि या सर्वांमधून कडेकडेने जाणारा सायकलवाला. गोंदिया-तिरोडा, गोरेगाव-कोहमारा, नवेगावबांध-अर्जुनी मोरगाव, कोणताही रस्ता घ्या. गावरस्त्यांची तर तऱ्हाच वेगळी. रस्ता उंच, दोन्ही अंगांना खोल धानाच्या बांध्या, आणि मधे दुभाजक नाही. समोरून मोटार आली आणि तिचा उजेड सरळ डोळ्यांत घुसला की चालवणारा बिचारा अंदाजाने डावीकडे सरकतो. त्या डावीकडेच कोणी तरी पायी चाललेले असते.

डोळे दिपल्यानंतर नजर पुन्हा ठिकाणावर यायला निदान दोन सेकंद लागतात. उतारवयात आणि मोतीबिंदू असल्यास त्याहून जास्त. ताशी ५० किलोमीटर वेगाने जाणारी गाडी दोन सेकंदांत सुमारे २८ मीटर पुढे गेलेली असते. एवढे अंतर माणूस आंधळ्यासारखा गाडी हाकतो, असाच याचा अर्थ.

आपल्याकडे यावर लोकांनी काढलेला तोडगा म्हणजे ‘त्याचा लाईट जोरात, तर आपला त्याच्याहून जोरात’. बाजारातून जबर बल्ब आणून बसवायचा आणि मोकळे व्हायचे. पुष्कळ वेळा दोष उजेडाच्या जोराचा नसतो, दिव्याच्या रोखाचा असतो. रोख चुकलेला साधा दिवादेखील समोरच्याला आंधळा करतो, आणि रोख बरोबर असेल तर तोच दिवा रस्ता लांबवर दाखवतो. रोख जुळवायला पैसा लागत नाही. एक भिंत, खडू, मोजपट्टी, एक पेचकस आणि संध्याकाळचा अर्धा-पाऊण तास पुरतो.

गंमत अशी की ही तपासणी आपल्यासाठी दुसरे कोणी करत नाही. भाड्याच्या वाहनांना फिटनेसच्या वेळी दिवे दाखवावे लागतात. खाजगी मोटारीची नोंदणी मात्र पंधरा वर्षांची असते, आणि दरम्यान पीयूसी काढताना धूर पाहतात, दिवे पाहत नाहीत. म्हणजे खड्ड्यांतून हादरे खात, स्प्रिंगा बसत, एखादा बंपर ठोकला जात पंधरा वर्षे जातात, आणि दिव्याचे तोंड कुठे आहे हे मालकालाच ठाऊक नसते. मालक दिव्याच्या मागे बसतो ना जी! त्रास होतो तो समोरच्याला.

आता कामाला लागू.

प्रथम जागा. सिमेंटचे खळे, शाळेचे किंवा गोदामाचे पटांगण, जिथे समोर सरळ उभी, फिकट रंगाची भिंत आहे, अशी जागा पाहावी. जमीन सपाट हवी. डोळ्यांनी सपाट वाटणारी जमीन पुष्कळदा फसवते, म्हणून गवंड्याची पाण्याची नळी मागून आणावी. पुढच्या चाकांची जागा, मागच्या चाकांची जागा आणि भिंतीचा पायथा एका पातळीत आहेत का, ते तपासावे. हा खटाटोप वाटेल, पण पुढे आपण बोटभर फरक मोजणार आहोत. जमीनच चार बोटे चुकली तर बाकीचे सारे व्यर्थ.

मग गाडी. चारही चाकांत पुस्तिकेत दिली तेवढी हवा भरावी. डिकीतली खताची पोती, पाईप, फवारणीचा पंप, जे काही महिनोन् महिने तिथे बसून आहे ते उतरवावे. चालकाच्या जागेवर एक माणूस बसवावा. पुष्कळ मोटारींत स्टिअरिंगजवळ ०, १, २, ३ असे आकडे असलेली छोटी चकती असते. ती दिवे खालीवर करण्याची आहे, ती ० वर ठेवावी. दिव्याची काच पुसावी. गाडी दोन-चारदा दाबून हलवावी, म्हणजे स्प्रिंगा आपल्या जागी बसतात.

गाडी भिंतीपासून हातभर अंतरावर सरळ आणून प्रत्येक दिव्याच्या बरोबर मध्यासमोर भिंतीवर खडूने फुली मारावी. फुलीतून एक उभी रेघ ओढावी. आता गाडी सरळ मागे घ्यावी, दिव्यापासून भिंतीपर्यंत ५ मीटर होईपर्यंत. सरळ म्हणजे सरळ. मागे घेताना तिरपी झाली तर डावे-उजवे चुकते. जमिनीवर आधी चुन्याची रेघ मारून चाके तिच्या कडेने आणली तर सोपे जाते.

आता दोन्ही फुल्यांच्या ५ सेंटिमीटर खाली एक आडवी रेघ मारावी. हे ५ सेंटिमीटर कुठून आले, ते समजून घेणे बरे. साधारण मोटारीचा डिपर शंभराला एक या उताराने खाली झुकलेला असावा लागतो. म्हणजे ५ मीटरवर ५ सेंटिमीटर, १० मीटरवर १० सेंटिमीटर. काही गाड्यांत दिव्यावर किंवा बॉनेटखाली एक चिठ्ठी असते, तिच्यावर १.० टक्का, १.२ टक्का असा आकडा छापलेला असतो. तो असेल तर तोच मानावा. १.२ असेल तर ५ मीटरवर ६ सेंटिमीटर.

दिवा जमिनीपासून ६५ सेंटिमीटर उंच असेल आणि शंभराला एक झुकलेला असेल, तर त्याचा उजेड ६५ मीटरवर रस्त्याला टेकतो. शंभराला तीन झुकवला तर २२ मीटरवरच संपतो. ताशी ६० च्या वेगात गाडी सेकंदाला जवळजवळ १७ मीटर जाते आणि कोरड्या डांबरी रस्त्यावर पूर्ण थांबायला चाळीसेक मीटर घेते. म्हणून कोणाला त्रास नको अशा सद्भावनेने दिवे अगदीच खाली पाडणेही बरे नव्हे. उजेडात बैल दिसेपर्यंत बैल गाठलेला असेल.

अंधार पडल्यावर डिपर लावावा. एका दिव्यासमोर पुठ्ठा उभा धरावा, आणि दुसऱ्याचा उजेड भिंतीवर पाहावा. गोणपाट दिव्यावरच गुंडाळू नये, दिवा तापतो. भिंतीवर उजेड आणि अंधार यांच्यामध्ये एक स्पष्ट कड दिसेल. ती कड उजवीकडे आडवी असते आणि मध्यापासून डावीकडे वर चढत जाते. दिवा बिघडला म्हणून ती तशी दिसते असे समजू नये. आपण डाव्या बाजूने चालतो, समोरचा उजवीकडून येतो. त्याच्या डोळ्यांखाली उजेड राहावा आणि डाव्या कडेचा पादचारी मात्र लांबून दिसावा, म्हणून दिवा मुद्दाम तसा घडवलेला आहे. उजव्या बाजूने गाड्या चालतात अशा देशांसाठी बनलेला सुटा दिवा स्वस्तात मिळाला तर घेऊ नये. त्याची चढण उलट बाजूला, म्हणजे नेमकी समोरच्याच्या तोंडावर असते.

उजवीकडची आडवी कड आपल्या खडूच्या रेघेवर यावी आणि कड जिथून वर चढू लागते तो कोपरा उभ्या रेघेवर यावा. एवढेच साधायचे आहे. बॉनेट उघडून दिव्याच्या मागे पाहिले तर बहुधा प्लास्टिकचे दोन पेच सापडतात. एक खाली-वर करणारा, दुसरा डावे-उजवे करणारा. कोणता कोणता ते पाव फेरा फिरवून भिंतीकडे पाहिले की कळते. आधी उंची, मग बाजू, मग पुन्हा उंची, कारण एक पेच फिरवताना दुसरा थोडा हलतोच. किती फेरे फिरवले ते मोजून ठेवावे, चुकले तर परत येता येते. जुन्या महिंद्रा जीपला किंवा अजून जपून ठेवलेल्या ॲम्बेसेडरला गोल दिवे असतात. त्यांची बाहेरची कडी काढली की वर आणि बाजूला असे दोन पेच दिसतात. काम तेच.

डिपर आणि अप्पर एकाच बल्बात असतील तर डिपर जुळला की अप्पर आपोआप जुळतो.

खूप फिरवूनही कड रेघेवर येत नसेल, किंवा कडच दिसत नसेल, नुसता पसरट उजेड दिसत असेल, तर पेच सोडून बल्ब पाहावा. पुष्कळ गाड्यांत एच-फोर नावाचा तीन कानांचा बल्ब असतो. त्यात दोन तारा. डिपरच्या तारेखाली पत्र्याची एक इवलीशी वाटी असते, ती उजेडाला खाली जाऊ देत नाही. फक्त वर गेलेला उजेड आरशावर आपटून खाली रस्त्यावर पडतो. बल्ब दाबून-ठोकून उलटा बसवला की वाटी वर येते आणि सारा उजेड आभाळाकडे जातो. असे दिवे मग कितीही पेच फिरवा, सुधारत नाहीत. बल्ब काढून कान नीट खाचेत बसवला की दोन मिनिटांत काम होते.

एलईडीचे पांढरेशुभ्र बल्ब सध्या फार निघाले आहेत. जी गाडी कारखान्यातूनच एलईडी दिवे घेऊन आली तिची गोष्ट निराळी. साध्या बल्बासाठी घडवलेल्या आरशात नंतर एलईडी कोंबले की उजेड मूळ तारेच्या नेमक्या जागेवरून निघत नाही, कड फाटते आणि झळाळी चौफेर उडते. मालकाला वाटते, काय दिवा आहे! समोरचा शिव्या देत जातो. माझे स्पष्ट मत आहे की असे बल्ब काढून साधे ६०/५५ वॅटचे लावावेत. १००/९० वॅटचे जबर बल्बही नकोत, त्यांनी वायरी आणि होल्डर वितळतात.

रोख जुळला की नाही याची एक परीक्षा सरकारी नियमातच दिलेली आहे. केंद्रीय मोटार वाहन नियम, १९८९ यातील नियम १०६ सांगतो की दिव्यासमोर ८ मीटरवर, वाहनाच्या उजव्या कडेपासून अर्धा मीटर बाजूला आणि जमिनीपासून दीड मीटर उंचीवर ज्याचे डोळे आहेत, त्याचे डोळे दिपता कामा नयेत. नियमात कापणीचे हार्वेस्टरसुद्धा धरलेले आहे. तेव्हा काठीला दीड मीटरवर खूण करून घरातल्या कोणाला तरी तिथे उभे करावे, डोळे खुणेशी आणायला सांगावे आणि विचारावे, “काय, डोळ्यावर येते का?”

एक गोष्ट मात्र राहून जाते, ती वजनाची. मोकळ्या गाडीवर दिवे जुळवले, दुसऱ्या दिवशी मागे चार पोती टाकली, की हिशेब बदलतो. पुढच्या-मागच्या चाकांत अडीच मीटर अंतर धरले आणि मागची बाजू ५ सेंटिमीटर, म्हणजे दोन इंच बसली, तर गाडीचे नाक शंभराला दोन या हिशेबाने वर उचलले जाते. शंभराला एक खाली झुकलेला दिवा आता शंभराला एक वर पाहू लागतो. पन्नास मीटरवर त्याचा उजेड ११५ सेंटिमीटर उंचीवर असतो. समोरच्या मोटारीतल्या माणसाचे डोळे साधारण तिथेच असतात. स्टिअरिंगजवळची ती चकती यासाठीच दिली आहे. माल भरला की तिला १, २ करावे, उतरवला की परत ०. मोटार घेऊन पाच-पाच वर्षे झाली तरी या चकतीला हात न लावलेले मालक पुष्कळ आहेत.

ट्रॅक्टरलाही हेच लागू. दोन चाकी ट्रॉलीचे ओझे हुकावर येते आणि ट्रॅक्टरचे तोंड उचलते. दिवे बोल्टवर बसवलेले असतात. म्हणून नट ढिला करून, भरलेली ट्रॉली जोडून, तेव्हाच दिवा खाली झुकवून आवळावा. याहून महत्त्वाचे, मागे नांगरटीसाठी जो पांढरा दिवा असतो तो रस्त्यावर लागताच बंद करावा. मागून येणाऱ्याला पांढरा दिवा दिसला की वाहन आपल्याकडे येत आहे असे वाटते, आणि तो झळाळीत ट्रॉलीची मागची बाजू मुळीच पाहू शकत नाही. ट्रॉलीला मागे लाल रिफ्लेक्टर लावावेत आणि उसाच्या वाढ्यांनी ते झाकले नाहीत हे निघताना पाहावे. पुढचा एकच दिवा चालू असलेला ट्रॅक्टर समोरच्याला मोटारसायकल वाटतो, हेही विसरू नये.

मोटारसायकलचा दिवा उभ्या स्टँडवर जुळवू नये. कोणी तरी वर बसलेले असावे, आणि रोज मागे बायको-पोर किंवा दुधाचे कॅन असतील तर तेही ठेवावेत. १ एप्रिल २०१७ पासून नव्या दुचाकींचा दिवा इंजिन सुरू होताच आपोआप लागतो, तेव्हा तोंड वर असलेली गाडी आता दिवसाही सुटका देत नाही.

जंगलातल्या रस्त्यांबद्दल थोडेसे. नवेगाव-नागझिरा व्याघ्र प्रकल्पाच्या भागातून आपली रोजची ये-जा आहे. गोंदिया-कोहमारा रस्त्यावर मुरदोलीच्या जंगलात ऑगस्ट २०२३ मध्ये मोटारीच्या धडकेने एक वाघ दगावला. चितळ, रानडुक्कर तर नेहमीचेच. अप्परच्या झोतात जनावर भांबावून रस्त्यातच उभे राहते. तिथे जनावर दिसताच डिपर करून वेग कमी करावा. डिसेंबर-जानेवारीच्या धुक्यातही डिपरच. अप्पर लावला तर धुके पांढऱ्या भिंतीसारखे उजळते आणि रस्ता आणखी हरवतो.

ज्या गाड्यांत दिवे आपोआप खालीवर होतात, ज्यांच्या दिव्यात पाणी शिरले आहे, किंवा अपघातात ज्यांचा आतला सांगाडा वाकला आहे, त्यांना घरी हात लावू नये, मेकॅनिककडे न्यावे.

काम झाल्यावर पेचावर रंगाचा एक ठिपका द्यावा, म्हणजे पेच हलला तर लगेच कळते. भिंतीवरच्या रेघा पुसू नयेत, गेरूने पक्क्या कराव्यात. सहा महिन्यांनी, किंवा स्प्रिंगांचे काम झाल्यावर, पुन्हा तिथेच गाडी लावून पाहता येते. जावई किंवा शेजारी आपली गाडी घेऊन आले तर त्यांचीही लावून पाहावी. फक्त त्यांच्या दिव्यांची उंची आणि मधले अंतर निराळे असणार, तेव्हा त्यांच्या रेघा वेगळ्या खडूने माराव्यात.