कुंडीतला वाटाणा

हिवाळ्यात दौंडपलीकडे भिगवणच्या जलाशयावर रोहित पक्षी उतरतात. पावसाळ्यात शिरूर तालुक्यातील मोराची चिंचोली येथे मोर पिसारा फुलवितात. अशा वेळी कॅमेरा लावून बसणाऱ्यास तासन्‌तास निश्चल राहावे लागते. निसर्गचित्रण हे मुळात धीराचे काम. महाराष्ट्रात या कामाचा आरंभीचा धडा एका कुंडीने दिला.

१९१२ साली दादासाहेब फाळके लंडनला जाऊन चित्रपटतंत्र शिकून आले. कॅमेरा मिळाला, कथापटासाठी भांडवल मात्र नव्हते. तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि महिनाभर न चुकता त्याचे थोडे थोडे चित्रण केले. पडद्यावर बी रुजले, कोंब वर आला, वेल वाढली. महिन्याची वाढ घटकाभरात डोळ्यांपुढे उभी राहिली. छायाचित्रण-साहित्याचे व्यापारी नाडकर्णी यांनी ती फिल्म पाहिली आणि ते कर्ज देण्यास राजी झाले. तारणासाठी पत्नी सरस्वतीबाईंनी आपले दागिने पुढे केले. ३ मे १९१३ रोजी मुंबईत ‘राजा हरिश्चंद्र’ झळकला.

तो मूकपट होता. पडद्यावरचा स्वर फाळक्यांच्या वाट्याला फार उशिरा आला. ‘गंगावतरण’ (१९३७) हा त्यांचा एकमेव बोलपट.

दागिने तिजोरीत गेले, हे खरे. पण कर्ज देणाऱ्याची खात्री पटली ती त्या वाटाण्यामुळे. पेढीवर बसणाऱ्यांना हे सांगावयास नको, की पत अशीच रोजच्या नेमातून उगवते.