मानसाचा बदनाम शेजारी

एकाच घरात दोन भावंडे असावीत, एकाचे साऱ्या गावाने कोडकौतुक करावे आणि दुसऱ्याचे नाव निघताच नाक मुरडावे, हा प्रकार आपल्या परिचयाचा आहे. तिबेटात कैलास पर्वताच्या दक्षिणेला शेजारी शेजारी पसरलेल्या दोन सरोवरांचे नशीब नेमके असेच आहे. पूर्वेकडचे ते मानससरोवर, पश्चिमेकडचे ते राक्षसताल.

समुद्रसपाटीपासून साडेचार हजार मीटरांहून अधिक उंचीवरचा हा उजाड मुलूख. झाड औषधालाही सापडायचे नाही. हिवाळ्यात दोन्ही सरोवरे गोठून जातात. मानस बरेचसे गोल, सुमारे ४१० चौरस किलोमीटरांचे; राक्षसताल वेडेवाकडे, सुमारे २५० चौरस किलोमीटरांचे. मानसाचे पाणी यात्रेकरू तीर्थ म्हणून घरी आणतात. राक्षसतालाकाठी रावणाने तप केले म्हणे. तिथले पाणी भाविक तोंडाला लावीत नाहीत.

आणि तरीही या दोघांना जोडणारा एक प्रवाह आहे. त्याचे नाव गंगा छू. या चिमुकल्या प्रवाहाने मोठमोठ्या प्रवाशांना चकविले. १८१२ साली मूरक्रॉफ्ट मानसाकाठी हिंडला. त्याला पाणी बाहेर पडण्याची वाट दिसली नाही. १८४६ साली हेन्री स्ट्रेचीला तिथेच चांगला वाहता प्रवाह आढळला. १९०७ साली स्वीडनचा स्वेन हेडिन आला, तेव्हा पात्र पुन्हा कोरडे! हेडिनने होडीतून मानसाची खोली मोजली, ती सुमारे ८२ मीटर भरली.

मग खोटे कोण बोलले? कोणीच नाही. पाऊस आणि बर्फाचे पाणी भरपूर आले की मानस काठोकाठ भरते आणि गंगा छूच्या उंबरठ्यावरून ओसंडते. पाणी उतरले की पात्र सुकते. परंतु तेव्हाही ते जमिनीखालून झिरपत शेजाऱ्याकडे जातच असते. गंगा छू वाहू लागली की तिबेटी लोक तो शुभशकुन मानतात.

मानस गोड का, याचे उत्तरही इथेच आहे. डोंगरातले ओढे पाण्याबरोबर थोडे थोडे क्षार आणतात. मानस ते साठवून ठेवीत नाही. पाण्यासंगे खालच्या राक्षसतालाकडे लावून देते. राक्षसतालातून मात्र आज वाहती वाट नाही. उन्हावाऱ्याने पाणी उडून जाते, क्षार मागे राहतात आणि पाणी मचूळ होते. शेजाऱ्याच्या वाटचे मीठ ज्याने पोटात घातले, त्यालाच आपण राक्षस म्हणतो!

कित्येक वर्षे बंद असलेली कैलास-मानसाची यात्रा १९८१ साली सुरू झाली, २०२० मध्ये पुन्हा थांबली आणि २०२५ मध्ये परत चालू झाली. आपल्यापैकी कोणाला तो योग आलाच, तर मानसाला हात जोडल्यावर जरा पश्चिमेकडेही वळावे. एक नमस्कार तिकडचाही राहिलेला आहे.