सातव्या अक्षरातली जखम

अमेरिकेत कोपर ते मनगट यांमधले हाड मोडले, की निदानाचा संकेतांक ‘एस५२’ने सुरू होतो. पुढची चिन्हे हाड कोणते, कुठे मोडले आणि हात डावा की उजवा, हे सांगतात. सातवे अक्षर जखमेची माहिती देते. अस्थिभंग बंद असेल, तर मुख्य उपचार चालू असताना ‘ए’. हाडापर्यंत जखम उघडी असेल, तर गस्टिलो-अँडरसन वर्गीकरण पाहतात: पहिल्या-दुसऱ्या प्रकाराला ‘बी’, स्नायू-त्वचेची मोठी हानी झालेल्या तिसऱ्याला ‘सी’. उघडा की बंद हे लिहिलेच नसेल, तर नियमानुसार अस्थिभंग बंद धरतात. उघड्या अस्थिभंगात जंतुसंसर्गाचा धोका मोठा असतो. म्हणूनच डॉक्टरांनी जखमेचा प्रकार नोंदीत स्पष्ट लिहिलाच पाहिजे.